बोट कोणते, पेर कितवे?

अमेरिकेतील एखाद्या रुग्णाच्या ठेचलेल्या नखाची नोंद आपले तरुण पुण्यात बसून सात अक्षरांत बिनचूक करतात. त्याच पुण्याच्या वेशीवर पॉवर प्रेसखाली बोट सापडलेल्या कामगाराच्या केसपेपरवर मात्र अनेकदा 'बोटाला इजा' यापलीकडे काही लिहिलेले नसते. ही निव्वळ लेखनातील ढिलाई नव्हे. तिची किंमत रुपयांत मोजता येते आणि ती कामगाराच्या खिशातून जाते.

मेडिकल कोडिंग हा शब्द वीस-पंचवीस वर्षांपूर्वी आपल्याकडे फारसा कोणाच्या कानावर नव्हता. आज पुणे, नवी मुंबई, हैदराबाद, चेन्नई या शहरांत जीवशास्त्राच्या, औषधनिर्माणशास्त्राच्या किंवा फिजिओथेरपीच्या हजारो पदवीधरांना या कामाने रोजगार दिला आहे. काम सांगायला सोपे आहे. अमेरिकेतील डॉक्टरने लिहिलेला अहवाल वाचायचा आणि त्यातील प्रत्येक निदानाला ठरलेला संकेतांक द्यायचा. तो चुकला की तिकडची विमा कंपनी बिल परत पाठवते. त्यामुळे अचूकतेवर नोकरी अवलंबून असते.

बोटाचेच उदाहरण घेऊ. कोणाचे तरी उजव्या हाताचे मधले बोट मोटारीच्या दारात सापडले, कातडी फाटली नाही, पण नख काळेनिळे पडले. या इजेसाठी अमेरिकी पद्धतीत 'एस ६०.१३१ ए' असा संकेतांक आहे. 'एस' म्हणजे इजा, '६०' म्हणजे मनगट व हाताची वरवरची दुखापत, त्यापुढचा '१' म्हणजे नखाला धक्का पोहोचलेला मुका मार, '३' म्हणजे मधले बोट आणि शेवटचा '१' म्हणजे उजवा हात. अखेरच्या 'ए' वरून जखमेवर प्रत्यक्ष उपचार सुरू आहेत हे कळते. जखम भरत असताना तपासणीसाठी रुग्ण पुन्हा आला तर तेथे 'डी' येतो आणि काही महिन्यांनी नख वेडेवाकडे उगवले म्हणून आला तर 'एस'. म्हणजे एका नखाची गोष्ट सुरुवातीपासून शेवटपर्यंत सलग वाचता येते.

आकड्यांची भाषा

या साऱ्याचे मूळ मृत्यूच्या नोंदींत आहे. माणसे कशाने मरतात याची सर्व देशांत एकसारखी मोजणी व्हावी म्हणून फ्रेंच संख्याशास्त्रज्ञ जाक बर्तियों यांनी १८९३ मध्ये शिकागोच्या परिषदेत मृत्यूच्या कारणांची एक यादी मांडली. तिची दर काही वर्षांनी उजळणी होत राहिली. १९४८ मध्ये सहाव्या आवृत्तीपासून ती जागतिक आरोग्य संघटनेच्या हाती आली आणि तेव्हाच मृत्यूबरोबर आजार व दुखापती यांचाही तिच्यात समावेश झाला. हीच आज 'आयसीडी' या नावाने ओळखली जाणारी आंतरराष्ट्रीय रोगवर्गीकरण पद्धत. तिची दहावी आवृत्ती १९९० मध्ये मंजूर झाली आणि १९९४ पासून वापरात आली. अकरावी आवृत्ती १ जानेवारी २०२२ पासून लागू झाली असली, तरी आपल्याकडच्या रुग्णालयांच्या आणि विम्याच्या कागदांवर अजून दहावीचाच वावर आहे.

येथे एक भेद लक्षात घेतला पाहिजे. अमेरिकेने दहाव्या आवृत्तीला आपल्या गरजेनुसार फाटे फोडले आणि १ ऑक्टोबर २०१५ पासून ती रुग्णालयांना सक्तीची केली. आधीच्या सुमारे १४ हजार संकेतांकांच्या जागी ६८ हजारांहून अधिक आले. कोंबडीने चोच मारल्याचाही स्वतंत्र संकेतांक त्यात असल्याने या यादीची तिकडे यथेच्छ टिंगल झाली. भारतात वापरली जाते ती जागतिक आरोग्य संघटनेची मूळ, आटोपशीर यादी. तिच्यात उजवा-डावा हात नाही, तर्जनी आणि करंगळी यांत फरक नाही. बोट ठेचले व नख शाबूत राहिले तर 'एस ६०.०', नखाला इजा झाली तर 'एस ६०.१'. उघडी जखम असेल तर नखाशिवाय 'एस ६१.०' आणि नखासह 'एस ६१.१'. चेंगरल्यास 'एस ६७.०'. अंगठा तुटला तर 'एस ६८.०', दुसरे कोणतेही एक बोट तुटले तर 'एस ६८.१' आणि दोन किंवा अधिक तुटली तर 'एस ६८.२'.

नखाला एवढे महत्त्व का?

नखासारख्या क्षुल्लक गोष्टीला वर्गीकरणात वेगळी जागा कशासाठी, असे कोणालाही वाटेल. नख हे बोटाच्या शेवटच्या पेराचे झाकण आहे. त्याच्या खाली नखाची गादी आणि तिला जवळजवळ चिकटूनच हाड असते. वरून नुसते काळे पडलेले दिसणाऱ्या नखाखाली गादी फाटलेली असू शकते आणि तिच्याखालचे हाडही मोडलेले असू शकते. गादी फाटली आणि हाड मोडले की वैद्यकशास्त्र त्याला उघडे फ्रॅक्चर मानते. मग नुसती पट्टी बांधून भागत नाही. जखम नीट धुणे, गादी शिवणे आणि हाडापर्यंत जंतुसंसर्ग जाऊ नये म्हणून काळजी घेणे आवश्यक ठरते. एक्स-रे काढल्याशिवाय यातले काहीच कळत नाही.

हाताचे नख महिन्याला साधारण तीन मिलिमीटर वाढते. ते मुळापासून नवे यायला चार ते सहा महिने लागतात. गादी वेडीवाकडी जुळली असेल तर नख दुभंगलेले उगवते. खालच्या हाडाचा आधार गेला असेल तर ते आकड्यासारखे पुढे वळते. बारीक सुट्या भागांची जुळणी करणाऱ्या, शिलाई करणाऱ्या, तबला वाजवणाऱ्या माणसासाठी ही शोभेची बाब नसून पोटाची बाब आहे.

पण तोवर नोंदीचा धागा तुटलेला असतो. सहा महिन्यांनी वेड्यावाकड्या नखाची तक्रार घेऊन हाच कामगार दुसऱ्या दवाखान्यात गेला, तर तेथे त्याची नोंद 'एल ६०' या, नखाच्या विकारांच्या गटात होण्याची शक्यता दाट. जखम चिघळून बोटात पू झाला तर 'एल ०३.०', म्हणजे त्वचेचा संसर्ग. 'एस' हे अक्षर जाऊन 'एल' आले की कागदोपत्री अपघात संपतो आणि आजार सुरू होतो. वास्तविक जुन्या इजेच्या परिणामांसाठी दहाव्या आवृत्तीत 'टी ९२' हा वेगळा गट आहे. पण तो वापरायचा तर आधीच्या इजेचा कागद समोर हवा.

पाच टक्के की नऊ?

या तपशिलाचा कायद्याशी संबंध कोठे येतो? १९२३ च्या कामगार नुकसानभरपाई कायद्याला एक अनुसूची जोडलेली होती. कोणता अवयव गेल्याने कमाईची क्षमता किती टक्के घटते, याचे ते कोष्टक. कर्मचारी राज्य विमा योजनेतही (ईएसआय) तेच कोष्टक चालत आले. २१ नोव्हेंबर २०२५ पासून अमलात आलेल्या सामाजिक सुरक्षा संहितेने हे दोन्ही कायदे आपल्यात सामावून घेतले, पण अवयवनिहाय टक्केवारीची पद्धत कायम राहिली.

या कोष्टकात बोटांचा हिशेब पेरापेराने केलेला आहे. अंगठा गेला तर ३० टक्के, त्याचे टोकाचे पेर गेले तर २०. तर्जनी पूर्ण गेली तर १४, दोन पेरे गेली तर ११, एक पेर गेले तर ९ आणि हाड न जाता नुसते टोक छाटले गेले तर ५. मधल्या बोटासाठी हेच आकडे १२, ९, ७ आणि ४ असे उतरतात. अनामिका किंवा करंगळीसाठी ते ७, ६, ५ आणि २ आहेत.

आता रुपयांचा हिशेब पाहू. जुन्या कायद्याच्या सूत्रानुसार पूर्ण व कायमच्या अपंगत्वाची भरपाई म्हणजे मासिक वेतनाच्या ६० टक्के गुणिले वयानुसार ठरलेला गुणांक. तीस वर्षांच्या कामगारासाठी तो २०७.९८ होता. हिशेबासाठी धरलेले वेतन १५ हजार रुपये असेल, तर ही रक्कम १८ लाख ७१ हजार ८२० रुपये होते. तर्जनीचे टोक हाडाशिवाय गेले तर तिचे ५ टक्के, म्हणजे ९३ हजार ५९१ रुपये. हाडासह एक पेर गेले तर ९ टक्के, म्हणजे सुमारे १ लाख ६८ हजार ४६० रुपये. दोहोंतील फरक जवळपास ७५ हजारांचा. धरलेल्या वेतनाच्या हिशेबाने पाच महिन्यांचा पगार या एका प्रश्नावर टांगलेला आहे. हाड गेले होते की नव्हते?

केसपेपरवर नुसते 'बोटाला इजा' असेल तर या प्रश्नाला उत्तर नाही. आणि केवळ संकेतांक लिहिला तरीही नाही, हे यातील खरे दुखणे आहे. 'एस ६८.१' हा एकच संकेतांक करंगळीचे टोक आणि अख्खी तर्जनी या दोहोंना लागू पडतो. कायद्याच्या भाषेत हे अंतर २ टक्क्यांपासून १४ टक्क्यांपर्यंत आहे. शिवाय बोटाचे नुसते टोक गेले असेल तर एक डॉक्टर त्याला नखासह झालेली उघडी जखम म्हणेल, दुसरा अंगविच्छेद म्हणेल. म्हणजे कायदा पेर मोजतो, पण दवाखान्यातील संकेतांकाला पेर दिसत नाही. उलट संकेतांक नखाची दखल घेतो, तर कायद्याच्या कोष्टकात नखाला जागाच नाही. कोष्टकात नसलेल्या इजेचे मूल्यमापन डॉक्टरने करावे अशी तरतूद आहे खरी, पण त्या डॉक्टरपुढेही पहिल्या दिवसाचा कागद लागतोच. या दोन कोष्टकांमधले अंतर भरून काढणारी एकच गोष्ट आहे, ती म्हणजे डॉक्टरने साध्या शब्दांत लिहिलेले पूर्ण वाक्य. नेमके तेच गर्दीच्या वेळी लिहायचे राहून जाते.

'कशाने?' हा गाळलेला प्रश्न

भरपाई ही अपघातानंतरची गोष्ट झाली. अपघात टळावेत यासाठी तो कशाने झाला हे कळावे लागते. आयसीडीमध्ये त्याचीही सोय आहे. दोन वस्तूंमध्ये सापडून झालेली इजा 'डब्ल्यू २३', शेतीच्या यंत्राने झालेली 'डब्ल्यू ३०', इतर यंत्राने झालेली 'डब्ल्यू ३१'. पुढे एक आकडा जोडून स्थळ सांगता येते. घरासाठी शून्य, कारखाना वा बांधकामासाठी सहा, शेतासाठी सात. आणखी एक आकडा जोडला की ती व्यक्ती त्या वेळी पोटासाठी काम करीत होती की घरी आराम करीत होती, हेही समजते.

ही सोय आपल्या कागदांवर उतरलेली नाही. आरोग्य विम्याच्या दाव्यासाठी २०१३ मध्ये नियामकांनी प्रमाणित केलेला अर्ज पाहण्यासारखा आहे. रुग्णालयाने भरायच्या भागात निदानाच्या आयसीडी संकेतांकाची जागा आहे, हे पाऊल स्वागतार्हच होते. पण दुखापत असल्यास तिचे कारण विचारणाऱ्या ओळीत पर्याय येतात ते स्वतःहून केलेली इजा, रस्ते अपघात आणि नशा किंवा मद्यपान हे. यंत्रात हात सापडला, ही शक्यता त्या ओळीत नाही. विमा कंपनीला जबाबदारी टाळता येईल का, एवढेच जाणून घेण्यासाठी विचारलेला हा प्रश्न आहे. देशातील बोटे कशाने तुटतात हे कळावे, हा त्याचा हेतू नव्हे.

कारखाना निरीक्षकांकडे जाणाऱ्या नोंदींनाही मर्यादा आहे. ज्या दुखापतीमुळे कामगार ४८ तास किंवा त्याहून अधिक काळ कामावर येऊ शकत नाही, तिचीच सूचना देण्याचे बंधन १९४८ च्या कारखाना कायद्यात होते आणि नव्या संहितेतही ते तसेच आहे. बोटाला पट्टी बांधून दुसऱ्या दिवशी हलक्या कामावर बसवलेला कंत्राटी कामगार या चाळणीतून सहज खाली पडतो. वाहनांचे सुटे भाग बनविणाऱ्या कारखान्यांतील जखमी कामगारांना साह्य करणारी 'सेफ इन इंडिया' ही संस्था २०१९ पासून आपल्या अहवालांतून पॉवर प्रेसवर गमावलेल्या बोटांचे आकडे मांडत आली आहे. सरकारी दप्तरात जे दिसायला हवे, ते एका स्वयंसेवी संस्थेला जखमी कामगारांशी बोलून गोळा करावे लागते, यातच सारे आले.

नोंद झाली की काय होऊ शकते, याचे उदाहरण आपल्याच देशात आहे. हरितक्रांतीनंतर मळणी यंत्रांत शेतमजुरांचे हात जाऊ लागले. पीक यंत्रात सरकवण्याच्या जागीच हात ओढला जातो, हे स्पष्ट झाले. त्यातूनच १९८३ चा धोकादायक यंत्रे नियमन कायदा आला आणि यंत्राला सुरक्षित घसरण असावी असा आग्रह धरला गेला. अंमलबजावणीबद्दल तक्रारी असतील, पण निष्काळजी मजुराकडून यंत्राच्या रचनेकडे बोट वळले, ते नेमकी जागा कळल्यामुळेच.

शहरी वाचकाला हे सारे औद्योगिक वसाहतीपुरते वाटत असेल तर तेही खरे नाही. लहान मुलांच्या बोटांची टोके चेंगरण्याचे सर्वांत नेहमीचे कारण घरातले दार हे आहे, तेही बहुतेक वेळा बिजागरीच्या बाजूने. वाऱ्याने आपटणाऱ्या दाराला काही रुपयांची रबरी अडकण लावली तर हे टळते.

अमेरिकेचे सारेच घ्यावे काय?

यावरून अमेरिकेची पद्धत जशीच्या तशी उचलावी, असा निष्कर्ष काढणे घाईचे होईल. तेथील बारकावा मुख्यतः बिलासाठी आहे. इजा कशाने झाली याचे संकेतांक देणे तेथेही देशपातळीवर सक्तीचे नाही. डॉक्टरने बोट पूर्ण तुटले की अर्धवट हे लिहिले नसेल, तर ते पूर्ण तुटले असे धरावे, हा तेथील नियम आहे. म्हणजे एवढ्या अक्षरांच्या गर्दीतही मूळ वाक्य अपुरे असेल, तर उरते ते गृहीतकच. शिवाय तालुक्याच्या रुग्णालयात, जेथे एका डॉक्टरसमोर सकाळी शंभर रुग्ण असतात, तेथे सात अक्षरांचा संकेतांक मागणे ही थट्टा ठरेल.

आपल्याकडे साधने नाहीत असे मात्र म्हणता येणार नाही. वैद्यकीय नोंदींच्या संगणकीकरणाची राष्ट्रीय मानके २०१३ मध्ये आली, २०१६ मध्ये सुधारली गेली. आयसीडीपेक्षा कितीतरी बारकाईने बोट, पेर आणि बाजू सांगू शकणारी 'स्नोमेड सीटी' ही परिभाषा भारताने २०१४ मध्ये सदस्यत्व घेऊन देशभर मोफत उपलब्ध केली आहे. या मानकांचे राष्ट्रीय संसाधन केंद्र तर पुण्याच्या सी-डॅकमध्येच आहे. परदेशी रुग्णांच्या नोंदी बिनचूक लिहिणारे मनुष्यबळही याच शहरात आहे. नाही ती केवळ मागणी. अमेरिकेत नोंद अपुरी असेल तर रुग्णालयाचे पैसे अडतात, म्हणून ती पूर्ण होते. आपल्याकडे नोंद अपुरी राहिली तर कामगाराचे पैसे अडतात, म्हणून ती तशीच राहते.

यावर उपाय खर्चाचा नाही. अपघात विभागातील केसपेपरवर हाताच्या इजेसाठी आठ रकाने छापले तरी पुरे. कोणता हात, कोणते बोट, कितवे पेर, हाड गेले का, नखाची गादी फाटली का, कशाने, कोठे आणि काय काम करताना. सोबत दोन पंजांची रेखाकृती दिली तर डॉक्टरला नुसती खूण करूनही भागेल. त्यावरून संकेतांक देण्याचे काम नंतर कोणीही प्रशिक्षित कारकून करू शकेल. एवढे ईएसआयच्या आणि महापालिकांच्या रुग्णालयांत सुरू झाले, तरी चाकण-भोसरीपासून वाळूज, अंबड आणि बुटीबोरीपर्यंत कोणत्या यंत्रावर किती बोटे जातात याचे चित्र वर्षभरात उभे राहील. विम्याच्या अर्जातील कारणांच्या ओळीत 'कामाच्या ठिकाणी, यंत्राने' अशी एक चौकट वाढवण्यासही कोणाची हरकत असण्याचे कारण नाही.

तोवर जखमी कामगाराने आणि त्याच्या नातेवाइकांनी एक काळजी घ्यावी. रुग्णालय सोडण्यापूर्वी डिस्चार्ज कार्ड वाचून घ्यावे. त्यावर हात, बोट, पेर आणि अपघाताचे कारण लिहिले आहे की नाही ते पाहावे, नसेल तर तेथेच लिहून मागावे आणि पहिल्या दिवसाच्या एक्स-रेची प्रत जपून ठेवावी. वर्षभराने वैद्यकीय मंडळासमोर उभे राहताना जखम भरलेली असते, पट्टी सुटलेली असते. तेव्हा बोलतो तो हा कागदच.